वेमनाची पद्ये म्हणजे उसनी सुभाषिते नव्हेत

तेलुगूतल्या नीतिपद्यांबद्दल एक मजकूर मराठीत हातोहात फिरतो. त्याचा सारांश असा: तेलुगूतली ही शतके (शंभरेक पद्यांचे संग्रह) म्हणजे संस्कृत सुभाषितांची तेलुगू प्रत आहे, ती लहान मुलांना वळण लावण्यासाठी लिहिली गेली, ती सगळी वेमना नावाच्या एका राजपुत्राने रचली, आणि एका इंग्रज अधिकाऱ्याने शोधून काढेपर्यंत ती कुणाला ठाऊकच नव्हती. पुरावा म्हणून वाळूतून तेल काढण्याचे पद्य जोडलेले असते आणि खाली वेमनाचे नाव.

लिहिणाऱ्याचा हेतू चांगला असेल, शेजारच्या भाषेतले काही तरी आपल्या लोकांना दाखवावे असाच असेल. पण एका फार मोठ्या कवीची आणि त्याहून मोठ्या परंपरेची यात जी ओळख करून दिली जाते ती चुकीची आहे, म्हणून एकेक मुद्दा घेतो.

आधी ते वाळूचे पद्य. ‘तिविरि इसुमुन तैलंबु तीयवच्चु’ अशी त्याची सुरुवात आहे. प्रयत्न केला तर वाळूतूनही तेल निघेल, मृगजळाचे पाणी पिता येईल, सशाचे शिंगही मिळेल, पण मूर्खाचे मन वळवता येणार नाही. मराठी वाचकाला हे वाचताच ‘प्रयत्ने वाळूचे कण रगडिता तेलही गळे’ आठवायला हवे, कारण दोन्हींचे मूळ एकच आहे: भर्तृहरीचे नीतिशतक. मराठीत ते वामनपंडितांनी आणले, तेलुगूत एनुगु लक्ष्मण कवीने. म्हणजे मजकुरात पुरावा म्हणून दिलेले पद्य वेमनाचे नाहीच. ते एका अनुवादकाचे आहे आणि तेलुगू वाचक त्याला अनुवादक म्हणूनच ओळखतात. वामनपंडितांचा श्लोक दाखवून तुकोबांचे अभंग संस्कृतातून आले असे कुणी म्हटले तर आपण काय म्हणू?

संस्कृतचे ऋण मुळीच नाही, असे मात्र मी म्हणणार नाही. बद्देनाच्या नावावर असलेले सुमती शतक घ्या. साधारण तेराव्या शतकातले मानले जाणारे हे शतक तेलुगू घरांत आजही पाठ असते. त्यातले एक फार प्रसिद्ध पद्य सांगते की कर्ज देणारा, वैद्य, न आटणारी नदी आणि ब्राह्मण असतील त्या गावात राहा. नसतील तर त्या गावात पाऊलही टाकू नकोस. हितोपदेशात हेच चार जण आहेत: ‘ऋणदाता च वैद्यश्च श्रोत्रियः सजला नदी’. इथे उसनवारी उघड आहे, ती मान्य करायलाच हवी. पण तेलुगू पद्य कानाने ऐका. ‘अप्पिच्चुवाडु’, ‘एप्पुडु’, ‘चोप्पडिन’, ‘चोप्पडकुन्नट्टि’: चारही ओळींत दुसऱ्या जागी ‘प्प’ येतो. याला प्रास म्हणतात. आपण यमक ओळीच्या शेवटी शोधतो, तेलुगू कान ते ओळीच्या दुसऱ्या अक्षरात शोधतो. कंद या छंदात ते असावेच लागते. आशय उसना असला तरी पद्य तोंडात बसते ते या घडणीमुळे.

वेमनाकडे आलो की आशयही उसना राहत नाही आणि छंदही. त्याची बहुतेक पद्ये आटवेलदी या देशी छंदात आहेत. उत्पलमाला, चंपकमाला, शार्दूल ही अक्षरगणवृत्ते तेलुगूत भरपूर वापरली गेली, पण वेमनाने ती घेतली नाहीत. त्याचे सगळ्यांत ओळखीचे पद्य पाहा:

उप्पु कप्पुरंबु नोक्क पोलिकनुंडु
चूड चूड रुचुल जाड वेरु
पुरुषुलंदु पुण्यपुरुषुलु वेरया
विश्वदाभिराम विनुर वेम

मीठ आणि कापूर दिसायला सारखे, चाखून पाहिले की चवीची वाट वेगळी. माणसांतही पुण्यवान माणसे अशीच वेगळी. दुसरी ओळ मोठ्याने म्हणा. ‘चूड’ने सुरू झालेली ओळ मध्ये विसावून पुन्हा उचलते ती ‘जाड’ने. चौथ्या ओळीत ‘विश्व’ला ‘विनुर’ उत्तर देतो. प्रत्येक ओळ पाच छोट्या गणांची, म्हणजे अक्षरगटांची, आणि चौथ्या गणाच्या सुरुवातीला पहिल्या अक्षराचा पडसाद. तीन ओळींत सांगायचे ते सांगून संपवायचे आणि चौथी ओळ ठरलेली, ‘वेमा, ऐक’ असे म्हणणारी. शाळा न पाहिलेल्या माणसाच्याही लक्षात राहते ती ही रचना. आणि दाखला कशाचा, तर मिठाचा आणि कापराचा, ज्या दोन वस्तू घरात रोज हाताळल्या जातात. हे संस्कृत श्लोक समोर ठेवून केलेले भाषांतर नाही.

दुसरा मुद्दा, मुलांना वळण लावण्याचा. हा मला सर्वांत जास्त खटकतो. वेमना शाळेत शिकवला जातो हे खरे, पण म्हणून तो शाळेसाठी लिहीत होता असे होत नाही. ‘आत्मशुद्धि लेनि आचारमदि येल, भांडशुद्धि लेनि पाकमेल, चित्तशुद्धि लेनि शिवपूजलेलरा’. ‘लेनि’ म्हणजे नसलेला आणि ‘येल’ म्हणजे कशाला, एवढे कळले की बाकीचे मराठी माणसाला आपोआप लागते. मन शुद्ध नाही तर आचार कशाला, भांडे स्वच्छ नाही तर स्वयंपाक कशाला, चित्त शुद्ध नाही तर शिवाची पूजा कशाला? हे मुलांना नव्हे, पुजाऱ्यांना आणि यजमानांना विचारलेले आहे. दुसऱ्या एका पद्यात तो दगडाची मूर्ती करून अंधारात ठेवणाऱ्यांना वेडे म्हणतो आणि ब्रह्म हृदयात आहे ते ओळखा, असे बजावतो. आणखी एका पद्याचा भाव असा: ज्याला शिवलात म्हणून तुम्ही पाण्यात बुडी मारता, तोच मसणात तुम्हाला जाळतो; तेव्हा लागलेला विटाळ मग कधी फिटणार? अस्पृश्यतेवर इतक्या थोड्या शब्दांत इतका थेट घाव मी फार कमी ठिकाणी वाचला आहे. असा कवी संस्कारवर्गाच्या चौकटीत बसवायचा तर त्याची निम्मी पद्ये बाहेर ठेवावी लागतील.

शतकपरंपरेत तो एकटाही नाही. सोळाव्या शतकातल्या धूर्जटीचे काळहस्तीश्वर शतक भक्तीचे आहे, पण त्यातले ‘राजुल् मत्तुलु’ हे पद्य राजे मदाने धुंद असतात आणि त्यांची चाकरी नरकासारखी असते, असे सांगते. परंपरा या कवीला कृष्णदेवरायाच्या दरबारात बसवते, हे लक्षात घेतले की त्या ओळीचे वजन कळते.

उलट बाजूही सांगितली पाहिजे. सुमती शतकात आणि वेमनाच्या नावावरच्या पद्यांतही बायकांबद्दल, काही जातींबद्दल असे लिहिलेले आहे जे आज कुणापुढे वाचू नये. ‘नीती’ म्हणून ते निमूट पाठ करायला लावणे मला मान्य नाही. पण त्यावरूनही हेच दिसते की ही पद्ये मोठ्यांच्या जगातली आहेत, त्या जगातले राग-लोभ आणि पूर्वग्रह घेऊन आलेली आहेत.

राजपुत्राची गोष्ट थोडक्यात आटोपतो. कोंडवीडूच्या रेड्डी राजघराण्यातला धाकटा भाऊ, गणिकेच्या नादी लागला, वहिनीमुळे वैराग्य आले, ही कथा रंगतदार आहे, पण ती दंतकथा आहे. वेमनाच्या काळाबद्दलही अभ्यासकांत शतकांचे अंतर आहे. त्याची समाधी कटारुपल्ली इथे मानतात, तो भाग जुन्या अनंतपूर जिल्ह्यात होता. शिवाय ‘विश्वदाभिराम विनुर वेम’ ही शेवटची ओळ कुणीही आपल्या तीन ओळींखाली जोडू शकतो, आणि लोकांनी ती जोडली. आपल्याकडे ‘तुका म्हणे’खाली किती अभंग घुसले ते आपल्याला माहीत आहेच. वेमनाच्या नावावर आज हजारो पद्ये आहेत. ती सगळी एका माणसाची असणे शक्य नाही.

राहिला इंग्रज अधिकारी, चार्ल्स फिलिप ब्राउन. त्याचे काम कुणी लहान करू नये. कंपनीच्या नोकरीत असताना 1824 च्या सुमारास त्याचे लक्ष वेमनाकडे गेले. 1829 मध्ये मद्रासहून त्याने 693 पद्यांचा संग्रह इंग्रजी भाषांतरासह छापला आणि दहा वर्षांनी अकराशेहून जास्त पद्यांची दुसरी आवृत्ती काढली. कडप्प्यात स्वतःच्या पदरच्या पैशाने पंडित ठेवून त्याने तेलुगू ग्रंथांच्या हस्तलिखित प्रती जमवल्या, ताडून पाहिल्या. पण त्या प्रती आल्या कुठून? त्या लोकांच्या घरांत होत्या. कुणी तरी ताडपत्रावर उतरवल्या होत्या, कुणी तरी जपल्या होत्या. पद्येही वेगवेगळ्या प्रतींत वेगवेगळी होती, म्हणून तर त्याला ती पडताळावी लागली. जी गोष्ट कुणालाच ठाऊक नसते तिचे इतके पाठभेद होत नाहीत. ब्राउनच्या आधी दुब्वा या फ्रेंच धर्मोपदेशकाने दक्षिणेतल्या लोकजीवनावर लिहिताना वेमनाचे नाव घेतले होते, आणि दुब्वा 1823 मध्येच भारत सोडून गेला होता.

वेमनाकडे दुर्लक्ष झाले ते पंडितांकडून. त्याची भाषा गावरान, विषय अडचणीचे, छंद साधा, म्हणून काव्याच्या पंक्तीत त्याला बराच काळ पाट मिळाला नाही. ते चित्र पालटायलाही पंडितच पुढे आले: 1928 मध्ये राळ्ळपल्ली अनंतकृष्ण शर्मा यांनी वेमनावर व्याख्याने दिली आणि त्याला कवी म्हणून वाचायला शिकवले. सामान्य लोकांना त्याची गरज नव्हती. त्यांच्या तोंडी वेमना ब्राउनच्या आधीही होता.