एकच घे रे, काही होत नाही!

डिसेंबरची वीस तारीख उलटली की आमच्या ग्रुपवर 'थर्टी फर्स्टला कुठे बसायचं?' सुरू होतं आणि माझ्या पोटात गोळा येतो. मी पीत नाही, म्हणजे मी ड्रायव्हर. पगार शून्य, वर "एकच घे रे, काही होत नाही" हे रात्रभर फुकट.

त्यात प्रत्येक जण डॉक्टर. एक म्हणतो, थंडी आहे, रमने ऊब येते. अरे बाबा, कातडीजवळच्या रक्तवाहिन्या रुंदावतात म्हणून गरम वाटतं, आतली उष्णता उलट बाहेर जाते! दुसरा म्हणतो, लिंबूपाणी मार, उतरते. नाही उतरत. ब्लॅक कॉफीनेही नाही. यकृत आपल्या चालीने तासाला साधारण एका छोट्या पेगचा निकाल लावतं, त्याला घाई करता येत नाही. आणि सकाळी डोकं ठणकतंय म्हणून उपाशीपोटी पॅरासिटामॉल हाणणारा महाभाग तर वेगळाच. तीही त्याच यकृताच्या बोकांडी!

गेल्या वर्षी रात्री अडीचला एकाने माझ्या हातून चावी हिसकावली. "मी एकदम शुद्धीत आहे," म्हणे, आणि पायात दोन वेगवेगळ्या चपला! 100 मिलिलिटर रक्तात 30 मिलिग्रॅमपेक्षा जास्त अल्कोहोल सापडलं तर पहिल्याच वेळी 10,000 रुपये दंड, 6 महिन्यांपर्यंत तुरुंग किंवा दोन्ही, एवढंच मी म्हटलं. तर मीच पार्टीचा विचका केला!

यंदाही मेसेज आलाय, "ड्रायव्हर फिक्स आहे." मला विचारलंय का कुणी?