मूकपटवाले वेड्यांवर हसायचे म्हणे!

एक फॉरवर्ड फिरतोय बघा, की मूकपटातली कॉमेडी म्हणजे निव्वळ वेड्यांची टिंगल, माणसं वेडसर दिसावीत म्हणूनच पिक्चर फास्ट करायचे, आणि चॅप्लिनला वगैरे मानसिक आजार काय असतो याचा पत्ताच नव्हता.

टिंगल नव्हतीच असं मी म्हणत नाही. १९०४ च्या 'द एस्केप्ड ल्यूनटिक'मध्ये स्वतःला नेपोलियन समजणारा पेशंट पळून जातो, आता हा नेपोलियनवाला जोक किती शिळा ते सोडा, पण शेवट तरी बघा की राव! रखवालदार रानोमाळ धडपडून परत येतात तर पठ्ठ्या आपल्याच कोठडीत निवांत पेपर वाचत बसलाय. पोपट कोणाचा झाला? १९१९ च्या 'व्हेन द क्लाउड्स रोल बाय'मध्ये तर डॉक्टरच चांगल्याभल्या हिरोला वेड लावायच्या मागे असतो, आणि शेवटी कळतं की वेड्यांच्या इस्पितळातून पळालेला तोच आहे.

फास्टचं म्हणाल तर कॅमेरा हाताने फिरवायचे, सेकंदाला साधारण १६ ते २० फ्रेम म्हणजे चित्रं, तीच फिल्म दाखवताना सेकंदाला २४ ने लावली की सगळेच धावणार. कॉमेडीवाले मुद्दाम अजून हळू फिरवायचे हे खरं, पण मग त्यात पोलीसही तसेच पळतात ना!

आणि चॅप्लिनला पत्ता नव्हता? अहो, १९०३ मध्ये १४ वर्षांचं हे पोर घरी येतं तर गल्लीतली मुलं सांगतात तुझी आई वेडी झाली, ती दारोदार जाऊन कोळशाचे तुकडे वाटत होती, म्हणे मुलांना वाढदिवसाची भेट. यानेच तिला चालवत दवाखान्यात नेलं, तिथून तिची रवानगी केन हिलच्या वेड्यांच्या इस्पितळात.

हे माहीत असलं की 'मॉडर्न टाइम्स' वेगळाच दिसतो. १९३६ चा, बोलपट येऊन नऊ वर्षं झाली तरी जवळजवळ मूकच. यात चॅप्लिन कारखान्यातला कामगार. मालक माल पुढे सरकवणाऱ्या पट्ट्याचा स्पीड वाढवत राहतो, हा दोन्ही हातात नट पिळायचे पाने घेऊन पिळत राहतो, पट्ट्यापासून लांब गेला तरी हात पिळतायतच, समोरून येणाऱ्या बाईच्या ड्रेसची बटणंसुद्धा याला नटच वाटतात. आपण हसतो, नाही कशाला म्हणू, पण त्याला तिथवर आणलं कोणी ते पडद्यावर धडधडीत दिसतंय. डोकं फिरलं म्हणून याला इस्पितळात नेतात, पुढे बरा होऊन सुटतो, डॉक्टर सांगतात जास्त एक्साइट होऊ नका, आणि बाहेर पडल्यावर रस्त्यात ट्रकवरून पडलेला झेंडा द्यायला जातो तर मागून मोर्चा येतो आणि पोलीस यालाच पुढारी समजून आत टाकतात.