पट्टा फेकला, हो. पण पुढचंही वाचा

प्रिय अनामिक,

पोर्तुगालच्या पोर्तो क्लबचा माजी कॅप्टन जॉर्ज कोस्टा गेल्यावर मी त्याच्यावर लिहिलेल्या लेखाखाली तुम्ही काल रात्री टाकलेली प्रतिक्रिया मी सकाळी लोकलमध्ये वाचली. दुपारपर्यंत ठरवलं होतं की उत्तर द्यायचं नाही. ते काही जमलं नाही.

बाकीच्या वाचकांना संदर्भ लागेल म्हणून तुमचं म्हणणं आधी इथे देतो. माणूस गेला की त्याला लगेच संत करायचं ही आपल्याकडची जुनी खोड, असं तुम्ही सुरुवातीलाच म्हणता. मग प्रश्न: "ज्याने कॅप्टनचा पट्टा मैदानावर फेकला त्यालाच तुम्ही लेखभर कप्तान, कप्तान म्हणताय?" पुढे, तो नुसता आडदांड होता, बचाव खरा त्याचा जोडीदार कार्व्हाल्यो करायचा. मिलानच्या जॉर्ज वेआशी झालेलं प्रकरण मी सोयीस्कर गाळलं. कोच म्हणून सगळा आनंदच, मुंबई सिटीचा कोच असताना घरच्या मैदानावर पाच गोल खाल्ले. लंडनच्या चार्ल्टन क्लबात तो पूर्ण मोसम नव्हे, अर्धा मोसम होता. आणि शेवटी: "लिहिण्याआधी सामने तरी बघत जा."

चार्ल्टनचं तुमचं बरोबर आहे. २००१-०२ चा मोसम निम्म्यावर आला असताना तो लंडनला गेला आणि उन्हाळ्यात पोर्तोला परतला. मी "एक मोसम" लिहिलं ते चुकलं. लेखात दुरुस्ती केली आहे आणि तिथे "एका वाचकाने लक्षात आणून दिलं" असंही लिहिलं आहे. नाव दिलं असतं, पण तुम्हीच ते लावलेलं नाही.

आता ते शेवटचं वाक्य. सामने तरी बघत जा. हे मला कोणत्या माहितीवर सांगितलंत? सेव्हिलची २००३ ची पोर्तो-सेल्टिक यूएफा कप फायनल आपल्याकडे मध्यरात्रीनंतर सुरू झाली. घरात बाबा आजारी होते, म्हणून टीव्हीचा आवाज पूर्ण बंद करून, जमिनीवर बसून मी ती जादा वेळेपर्यंत पाहिली. सेल्टिकच्या लार्सनने दोन हेडर मारले तेव्हा तोंडावर उशी धरली होती. पुढच्या वर्षी गेल्सेनकिर्शेनच्या चॅम्पियन्स लीग फायनललाही सव्वाबारालाच किकऑफ, आणि सकाळी सातच्या शिफ्टला मी हजर होतो. माझं मत चुकीचं आहे म्हणा, हरकत नाही. अडाणी म्हणा, तेही चालेल. पण मी न बघता लिहितो असं म्हणू नका. तो आरोप वेगळ्या जातीचा आहे, आणि नाव लपवून केलेला असल्यामुळे जास्त लागतो. हा ब्लॉग मी नऊ वर्षं स्वतःच्या नावाने लिहितोय.

असो. पट्ट्याकडे येऊ, कारण तुमच्या सगळ्या प्रतिक्रियेत बोलण्यासारखं तेवढंच आहे.

हो, फेकला. सप्टेंबर २००१, व्हितोरिया सेतुबालविरुद्धचा सामना. कोच ओक्तावियो मशादो यांनी त्याला पहिल्या सत्रातच बाहेर बोलावलं. बाहेर येताना त्याने दंडावरचा पट्टा काढला आणि जमिनीवर फेकला. त्यानंतर पोर्तोत त्याला जागा उरली नाही आणि त्याला उसनवारीवर चार्ल्टनला पाठवण्यात आलं. मी लेखात हे लपवलेलं नाही, तिसऱ्या परिच्छेदात आहे. तुम्ही तो परिच्छेद वाचूनच मला विचारताय, म्हणजे माझ्याच लेखातली माहिती माझ्यावर फेकून मारताय.

हा पट्टा कुणाचा होता ते बघा. पोर्तोत दोन नंबरची जर्सी आणि कॅप्टनचा पट्टा जोआव पिंटोकडून आलेला. पिंटो म्हणजे १९८७ मध्ये व्हिएन्नाला युरोपियन कप उचलणारा कॅप्टन. कोस्टा पोर्तो शहरातच जन्मलेला, क्लबच्या युवा संघांतून वर आलेला. मधली दोन वर्षं त्याने पेनाफियेल आणि मारितिमोकडे उसनवारीवर काढली. १९९१ मध्ये लिस्बनला पोर्तुगालच्या ज्या पोरांनी ब्राझीलला पेनल्टींवर हरवून वीस वर्षांखालचा विश्वचषक जिंकला, त्यांत फिगो आणि रुई कोस्टाबरोबर हाही होता. १९९५ ते १९९९ अशी सलग पाच वर्षं पोर्तो लीग जिंकत राहिलं, तो तेव्हा संघात होता. गुडघ्याच्या मोठ्या दुखापती झाल्या, त्यांतून दरवेळी परत आला. अशा माणसाला तिशीच्या उंबरठ्यावर, भर सामन्यात, पहिल्या सत्रात बाहेर बोलावलं. तुम्ही शांतपणे हात मिळवून बाकावर जाऊन बसला असता का? कदाचित बसला असता.

मी बसलो होतो. तेच सांगायचंय. अकरा वर्षं मी स्टॉपर बॅक, म्हणजे बचावाच्या मधोमध, खेळलो, मुंबईच्या हार्वूड लीगच्या खालच्या गटांत. पावसाळी मैदानं, घोट्यापर्यंत चिखल, हाफटाइमला लिंबाची फोड. शेवटची दोन वर्षं कॅप्टन होतो. संघ कुठला ते सांगत नाही, कारण ज्या माणसाबद्दल बोलतोय त्यांची मुलं अजून त्याच मैदानावर येतात. एका सामन्यात आम्ही एक गोल खाल्ला. चूक डाव्या बॅकची होती, ओरडा मला पडला आणि अर्ध्या तासात बदली खेळाडू रेषेवर उभा राहिला. मी पट्टा काढला, घडी केली, उपकप्तानाच्या हातात दिला, कोचना "ठीक आहे सर" म्हणालो. सगळ्यांनी कौतुक केलं, केवढा समजूतदार मुलगा म्हणून. पुढच्या मंगळवारी मी सरावाला गेलो नाही. त्याच्या पुढच्याही नाही. बूट माळ्यावर गेले ते गेलेच. वय सत्तावीस.

कोस्टाने पट्टा फेकला आणि तो परत आला. दोन्ही गोष्टी एकाच माणसाने केल्या, आणि तुम्ही पहिलीवरच थांबलात. जानेवारी २००२ मध्ये मशादो गेले, मोरिन्यो आले. नव्या कोचला त्याचं वागणं माहीत होतं आणि तरी त्याला परत बोलावलं गेलं. तो सहा महिने दुसऱ्या देशात, दुसऱ्याच्या ड्रेसिंग रूममध्ये, खालच्या निम्म्यात राहणाऱ्या संघाकडून आठवड्यामागून आठवडे खेळून आला होता. तिथले लोक त्याला 'टँक' म्हणायला लागले होते. परतल्यावर पट्टा पुन्हा त्याच्याच दंडावर. पहिल्या मोसमात लीग, पोर्तुगीज कप आणि यूएफा कप. दुसऱ्यात लीग आणि चॅम्पियन्स लीग.

आणि सेव्हिलमध्ये काय झालं तेही आठवा, सामने बघणारे आहात म्हणून विचारतो. त्या फायनलमध्ये त्याला पूर्ण वेळ मिळाला नाही. वीसेक मिनिटं उरली असताना तो बाहेर आला, पेद्रो एमान्युएल आत गेला. स्कोअर २-२. आयुष्यातली पहिली युरोपियन फायनल, कॅप्टन, आणि बदली. त्या रात्री कुणी पट्टा फेकला नाही. जादा वेळेत डेर्लेईने तिसरा गोल केला आणि कप कोस्टाने उचलला. तेव्हा मला अंधाऱ्या खोलीत जे वाटलं त्यातूनच, बावीस वर्षांनी, तुम्हाला न आवडलेला तो लेख आला. मशादोंच्या वेळचा राग आणि सेव्हिलची ती संध्याकाळ एकत्र ठेवूनच मी त्याला कप्तान म्हणतो.

आडदांडपणाबद्दल थोडंसं. त्याचं टोपणनाव 'बिशू', म्हणजे जनावर, हे मीच लेखात दिलं होतं. तो कोपरं काढायचा, अंगावर जायचा, पिवळी कार्डं खायचा, नाकारत नाही. पण "खरा बचाव कार्व्हाल्यो करायचा" हे वाक्य स्टॉपर खेळलेला माणूस लिहिणार नाही. दोन स्टॉपरांत एकाने पुढे जाऊन बॉल काढायचा, तर दुसऱ्याने त्याच्या मागची जागा झाकायची असते. कार्व्हाल्यो झटकन पुढे झेपावून पाय घालायचा, ते देखणं दिसायचं आणि रिप्लेत यायचं. पण त्याला तसं जाता यायचं, कारण मागे कुणीतरी उभा होता जो येणाऱ्या उंच बॉलवर आधी डोकं लावणार हे ठरलेलं होतं. मोनाकोविरुद्धची फायनल पुन्हा लावा आणि बॉल बघू नका. पोर्तोची मागची ओळ बघा, ती कुणाच्या हाताच्या इशाऱ्याने वर सरकते आणि कुणाच्या ओरडण्याने थांबते. ३-० म्हटलं की कार्लोस अल्बर्तो, डेको आणि अलेनिचेव्ह आठवतात. उजवीकडचं शून्य कुणाला आठवत नाही. मीही अकरा वर्षं तेच शून्य राखायला धडपडलो, म्हणून मला ते दिसतं. कार्व्हाल्यो मोठा होताच. पुढे चेल्सीत त्याने ते सिद्धही केलं. एकाला मोठं म्हणायला दुसऱ्याला खुजं करावं लागतं का?

वेआ. मी ते गाळलं हे खरं, सोयीस्करपणे हे खोटं. नोव्हेंबर १९९६ मध्ये पोर्तो आणि मिलान यांच्यातल्या १-१ च्या सामन्यानंतर बोगद्यात जॉर्ज वेआने त्याचं नाक फोडलं. वेआचं म्हणणं होतं की आधीच्या सामन्यात कोस्टाने त्याचा हात तुडवला आणि वर्णावरून शिवीगाळ केली. कोस्टाने शिवीगाळीचा आरोप साफ नाकारला आणि कोर्टात गेला. आरोपाला दुजोरा देणारा साक्षीदार मिळाला नाही, कोस्टावर यूएफाने कारवाई केली नाही, वेआला सहा सामन्यांची बंदी झाली. यापलीकडे बोगद्यात मी नव्हतो, तुम्हीही नव्हतात. वेआबद्दल माझ्या मनात आदर आहे, आणि एका मृत्युलेखात या दोघांचा न्यायनिवाडा करायला मी बसलो नाही. यात तुम्हाला कट दिसत असेल तर दिसू द्या.

कोच म्हणून "आनंद". ओल्याओंचा संघ ३४ वर्षांनी पोर्तुगालच्या पहिल्या विभागात गेला तो याच्या हाताखाली, २००९ मध्ये, आणि पुढच्या मोसमात तिथे टिकलाही. २०२४ मध्ये एव्हीएस या संघाला प्लेऑफमधून पहिल्या विभागात नेलं. मधे रोमानिया, सायप्रस, गॅबनचा राष्ट्रीय संघ. बऱ्याच ठिकाणी अर्ध्यावर बाहेर पडावं लागलं, ते मी लेखात लिहिलंय. मोरिन्यो झाला नाही तो. मी कुठे झाला म्हणालो?

आणि मुंबईचे पाच. ९ मार्च २०१९ ला मी अंधेरीच्या स्टेडियमवर होतो, मुलीला घेऊन. ती नऊ वर्षांची होती, गळ्यात निळा स्कार्फ. आधी गोल आपण केला, मग गोव्याने पाच घातले, आणि घरी जाताना रिक्षात ती एक शब्द बोलली नाही. तुम्ही हे मला आठवण करून द्यायची गरज नाही. पण त्याच मोसमात इंडियन सुपर लीगच्या साखळीत मुंबई तिसरी आली, ३० गुण. त्याच अंधेरीत डिसेंबरमध्ये केरळला सहा घातले, त्यातले चार एकट्या मोदू सुगूचे. हा सुगू कोस्टाच्या हाताखाली आधी अकाडेमिका आणि क्लुजमध्ये खेळलेला. आपल्या संघातला पाउलो मशादोही पोर्तोच्याच अकादमीतून आलेला. आपल्या शहराच्या संघाला युरोपियन कप उचललेला कॅप्टन कोच म्हणून दोन मोसम मिळाला होता, आणि गर्दीच्या निम्म्या लोकांना ते माहीतही नव्हतं. लेख लिहायचं हेही एक कारण होतं. दुसऱ्या मोसमात चेन्नईयनकडून घरच्याच मैदानावर ०-१ हरलो आणि प्लेऑफ हुकला. त्याचा राग मलाही आहे. पण तो गेल्याच्या आठवड्यात तो राग काढायचा नव्हता.

५ ऑगस्ट २०२५ ला पोर्तोच्या ओलिव्हाल सराव केंद्रावर त्याचं हृदय थांबलं. वय ५३, क्लबचा फुटबॉल संचालक. त्याच दिवशी पत्रकार परिषदेत बसलेल्या मोरिन्योला रडू आवरलं नाही, हे अख्ख्या जगाने पाहिलं. तुमच्या मते तोही माणूस गेला की संत करणाऱ्या आपल्याकडचाच का?

तुमची प्रतिक्रिया काढणार नाही, तशीच राहील, त्या शेवटच्या वाक्यासकट. चार्ल्टनची दुरुस्ती झाली आहे. लेखात "कप्तान" हा शब्द अकरा वेळा आहे, तुमच्यामुळे आज बसून मोजला. एकही काढत नाही.