‘महिना झाला, खत नाही, नुसता वास’ या अभिप्रायाला आमचं उत्तर

नमस्कार,

दोन तारे देऊन तुम्ही लिहिलंय की महिना उलटला तरी घरच्या कचऱ्याचं खत करायच्या आमच्या बिनमध्ये खत नाही, झाकण उघडलं की सडक्या अंड्यांसारखा वास येतो, वर अळ्या झाल्यात आणि आमच्या माहितीपत्रकात मात्र ‘३० दिवसांत खत’ छापलंय. ते वाक्य चूक आहे. महिन्याभरात कचरा काळपट पडतो, खाली बसतो, एवढंच. मातीचा वास येणारं भुरभुरीत खत व्हायला घरच्या बिनला अडीच-तीन महिने तरी लागतात, कारण एवढ्याशा ढिगात उष्णता टिकत नाही. नव्या पत्रकातून ते वाक्य काढलंय. तुम्हाला त्रास झाला, मनापासून माफी मागतो.

वासाचं कारण तुमच्या फोटोत दिसलं. सालं-देठांवर ताज्या कापलेल्या गवताचा चार बोटं जाड थर आहे आणि तो गादीसारखा दबून बसलाय. त्याच्याखाली हवाच जात नाही, म्हणून कचरा कुजायच्या ऐवजी सडतोय. इथेही आम्हीच कमी पडलो: पत्रकात ‘बागेतला कचरा घाला’ एवढंच लिहिलं होतं. हिरवं गवत बागेतलं असलं तरी त्यात नत्र (नायट्रोजन) भरपूर, ते ओल्या कचऱ्यातच धरायचं. सुका म्हणजे वाळका पाला, लाकडाचा भुसा, फाडलेला साधा पुठ्ठा. सुक्यात कर्ब (कार्बन) जास्त असतो; मिश्रणात कर्ब आणि नत्राचं प्रमाण २५-३० ला १ च्या आसपास राहिलं की वास धरत नाही.

कृपा करून हा कचरा फेकू नका. सगळा कागदावर ओता, गवताचे गठ्ठे हाताने मोकळे करा, दुप्पट वाळका पाला चुरून मिसळा. मग मूठभर घेऊन घट्ट दाबा: एक-दोन थेंब आले तर ओल बरोबर, धार लागली तर अजून पाला. दर तीन-चार दिवसांनी खालवर करा, वास आठवड्याभरात उतरेल. फोटोतल्या जाडसर करड्या अळ्या ब्लॅक सोल्जर फ्लाय या माशीच्या वाटतात. त्या चावत नाहीत, उलट कचरा भराभर संपवतात. नको वाटत असतील तर वर पाल्याचा जाड थर ठेवा, माशा अंडी घालायला कमी येतील. आणि जास्तीचं कल्चर (कचरा कुजवणाऱ्या जिवाणूंचं विरजण) विकत घेऊ नका, हवेची कमतरता कल्चरने भरून निघत नाही.

भुशाची एक पिशवी आम्ही आमच्या खर्चाने पाठवतो. तरीही बिन नको असेल तर आहे तसा परत द्या, धुवायचीही गरज नाही. पूर्ण पैसे परत मिळतील.