योजना आधी एका गावात करून बघायला काय हरकत आहे?

काल रात्री सांगलीत विश्रामबागच्या कट्ट्यावर चांगलीच जुंपली. सुरुवात आमच्या बँकवाल्याने केली. मोबाईलवर पगाराची स्लिप काढून म्हणाला, हे बघा, व्यवसाय कर महिन्याला २०० आणि फेब्रुवारीत ३००, वर्षाचे अडीच हजार, आणि तिकडं केंद्राने संशोधनासाठी एक लाख कोटींचा फंड काढलाय, त्यातनं कंपन्यांना कमी व्याजाने नाहीतर बिनव्याजी लांब मुदतीचं कर्ज मिळणार, आपल्याला काय त्याचं?

मास्तर म्हणाले, तुझा हा व्यवसाय कर आलाच मुळी १९७५ ला, रोजगार हमीला पैसा उभा करायला. आणि रोजगार हमी आली कुठनं? आपल्याच जिल्ह्यातनं. विधान परिषदेचे तेव्हाचे सभापती वि. स. पागेंनी साठच्या दशकात ती तासगाव तालुक्यातल्या विसापुरात आधी करून बघितली, मग १९७२ ला राज्यभर गेली, १९७७ ला विधिमंडळाने कायदा केला आणि २००५ ला केंद्राने तसाच कायदा अख्ख्या देशाला केला. हे आधी करून बघणं म्हणजे पण संशोधनच की.

दाद्याची द्राक्षबाग आहे, त्याला हे पटेना. "आरं त्यो माणूस तळमळीचा हुता म्हणून झालं, त्यात संशोधन कुठलं आलंय? आमची तास-ए-गणेश ही द्राक्षाची जात बोरगावच्या बागेतच घावली नव्हं, शेतकऱ्यालाच. सरकारनं काय केलं त्यात?"

यात तथ्य आहे. थॉमसन जातीच्या द्राक्षबागेत एखादी वेल वेगळी दिसणं आणि तिचीच काडी जपणं, हे बागेत रोज फिरणाराच करू शकतो. पण मास्तरांनी लगेच २०१० ची आठवण काढली, युरोपात आपल्या द्राक्षात सीसीसीचा, म्हणजे वेलीची वाढ रोखायला मारतात त्या औषधाचा, अंश सापडला आणि कंटेनर अडकले. तेव्हा प्रश्न नजरेचा नव्हता, किलोमागे मिलिग्रॅममध्ये मोजायचा होता, आणि ती मशीन कोण एकटा शेतकरी घेणार? दाद्या यावर काय बोलला नाही, भडंग खात बसला.

मला जे सांगायचं होतं ते वेगळंच होतं. द्राक्षाची नवीन जात आली तर आपण आधी दोन ओळी लावून बघतो, मग एकर करतो. सरकारी योजना मात्र बहुतेक वेळा थेट हजारो गावात सुरू होते आणि कुणी आधी धड मोजत नाही, नंतर पण नाही. गावोगावी पाणी अडवायची जलयुक्त शिवार योजना घ्या, २०१४ च्या शेवटी जाहीर झाली, ९,६३३ कोटी खर्च झाले आणि २०२० ला सरकारी खर्च तपासणाऱ्या कॅगने लिहिलं की भूजल पातळी वाढायला फारसा उपयोग झाला नाही. मग समर्थक म्हणणार आमच्या गावात पाणी आलं, विरोधक म्हणणार सगळा पैसा गेला, आणि दोघांकडं पण कामाच्या आधीच्या विहिरीची मोजमापं धरून केलेली धड तुलना नसती. सरकार बदललं की योजना बंद, परत बदललं की २.० सुरू! मला याचा खरंच त्रास होतो, कारण यात एखादं चांगलं काम झालं असलं तरी ते पण वाया जातं.

दाद्या एकदम उसळला, "म्हणजे तुमचा प्रयोग करायला एका गावाला पाणी आणि दुसऱ्याला ठेंगा? आणि ठेंगा मिळणारं गाव आमचंच का?"

हा प्रश्न सगळ्यात खरा होता. मी मेक्सिकोचं सांगितलं. तिथं १९९७ ला गरीब घरातल्या बायकांना पैसे द्यायची योजना आली, अट एवढीच की पोरं शाळेत आणि दवाखान्यात गेली पाहिजेत. पहिल्याच वर्षी सगळीकडं पोचायचं जमणार नव्हतंच, म्हणून मोजायला निवडलेल्या ५०६ गावात सोडत काढली, ३२० गावांना लगेच दिली आणि १८६ ना साधारण दीड वर्षाने. तेवढ्या काळात दोन्हीकडं मोजलं. २००० ला तिथला सत्तर वर्षं राज्य केलेला पक्ष हरला, पण नव्या सरकारने योजना बंद नाही केली, उलट वाढवली, कारण पोरं शाळेत टिकतात याचे आकडे समोर होते. आपल्याकडं पण पैसा पहिल्या वर्षी सगळ्यांना पुरत नाहीच की, मग आधी कोण हे आमदाराच्या चिठ्ठीने ठरण्यापेक्षा सोडतीने ठरलेलं काय वाईट?

"चिठ्ठी तर चिठ्ठी, आमदाराला मत मागायला परत यावं लागतंय, सोडतीला कोण जाब विचारणार?" दाद्या म्हणाला. यावर माझ्याकडं पक्कं उत्तर नव्हतं आणि अजून पण नाही.

मास्तरांची शंका दुसरीच, एका गावात स्वतः पागे लक्ष घालतात तेव्हा चालतंय, राज्यभर गेल्यावर हजेरीपटावर खोटी नावं चढतात, ते प्रयोगात कसं दिसणार? मी म्हटलं, म्हणूनच एका गावावर थांबायचं नाही, पुढं साध्या ग्रामसेवकाच्या हातात देऊन परत मोजायचं.

बँकवाला अजून पैशावरच अडून होता. देशात संशोधनावर जीडीपीच्या ०.६४ टक्के खर्च होतो, त्यात असल्या कामाला कोण देणार? माझं म्हणणं असं की वेगळा फंड नकोच, प्रत्येक मोठ्या योजनेतनंच थोडा हिस्सा मोजणीला आधीच काढून ठेवायचा, मोजणारा त्या खात्याचा नसावा, आणि रिपोर्ट वाईट आला तरी ग्रामसभेत वाचायचा. त्यावर तो म्हणाला, वाईट रिपोर्ट वाचून दाखवणारा बीडीओ आधी दाखव.

साडेदहाला चहावाल्याने शटर ओढलं तेव्हा दाद्या एवढ्यावर आला होता की सोडत मान्य नाही, पण बंधारा बांधायच्या आधी आणि नंतर, मे महिन्यात, त्यांच्या आणि शेजारच्या गावच्या विहिरी मोजायला तो स्वतः टेप घेऊन येईल.