उशिरा आलेला कागद आणि पाचशे रुपयांचा खर्च : एका प्रतिक्रियेला उत्तर

सिन्नरहून लिहिणाऱ्या वाचकांस,

सप्रेम नमस्कार.

जमिनीच्या दाव्यांत उशिरा दाखल होणाऱ्या कागदांविषयी मी लिहिलेल्या लेखावरची आपली प्रतिक्रिया दोनदा वाचली. आपल्या वडिलांचा वाटपाचा दावा अकरा वर्षे चालला, दोन्ही बाजूंनी पुरावा बंद केल्याची पुरसिस (लेखी निवेदन) दिली आणि युक्तिवादाच्या तारखेला चुलत्यांच्या वकिलांनी एक जुने वाटणीपत्र पुढे केले. न्यायालयाने ते पाचशे रुपये खर्चावर, म्हणजे तेवढी रक्कम विरुद्ध बाजूला देण्याच्या अटीवर, घेतले आणि दावा पुन्हा साक्षीपुराव्यावर गेला. ‘न्यायालये सहसा उदारपणे परवानगी देतात’ हे माझे वाक्य त्यामुळे आपल्याला झोंबले. ते मी सैलपणे लिहिले होते, हे आधी मान्य करतो. त्या औदार्याचा भार ज्याच्या अंगावर पडतो, त्याच्याबद्दल मी एक ओळही लिहिली नव्हती.

मात्र ‘पुरावा बंद झाला की एकही कागद घेऊ नये’ हा आपला उपाय मला पटत नाही, आणि त्याचे कारण दिंडोरी तालुक्यातल्या एका दाव्यात आहे. माझ्या पक्षकार बाई वडिलांच्या जमिनीत हिस्सा मागत होत्या. सातबाऱ्यावर त्यांच्या नावाला कंस पडलेला होता, म्हणजे नाव कमी झाले होते, शेजारी वर्तुळात फेरफाराचा (हक्कबदलाच्या नोंदीचा) क्रमांक होता, आणि बहिणीने हक्क सोडला असे भावांचे म्हणणे होते. त्या फेरफाराची नक्कल आम्ही वेळेत मागितली, पण रजिस्टर जीर्ण असल्याचे सांगून ती दिली गेली नाही. दुसऱ्या अर्जानंतर ती हाती आली तेव्हा बाईंचा पुरावा बंद झाला होता. तिच्यात नोंदणीकृत हक्कसोडपत्राचा उल्लेखच नव्हता. नोंद केवळ तोंडी वर्दीवर झाली होती. आपला नियम लावला असता तर हा कागद न्यायालयाने पाहिलाच नसता, आणि उशीर तर बाईंनी केलेला नव्हता.

कायदाही उशीर किती झाला एवढेच पाहत नाही. वादीने आपले कागद दाव्यासोबत आणि प्रतिवादीने कैफियतीसोबत (आपल्या लेखी उत्तरासोबत) हजर करावेत, तसे न केल्यास न्यायालयाच्या परवानगीशिवाय ते पुराव्यात घेता येणार नाहीत, असे दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ७ नियम १४ आणि आदेश ८ नियम १अ मध्ये आहे. आधी माहीत नसलेला किंवा प्रयत्न करूनही न मिळालेला पुरावा नंतर देण्याची वेगळी तरतूद, म्हणजे आदेश १८ नियम १७अ, जुलै २००२ पासून वगळली गेली. तेव्हा दार कायमचे बंद झाले असे अनेकांना वाटले. परंतु सालेम अॅडव्होकेट बार असोसिएशनच्या २००५ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने असा पुरावा घेण्याचा न्यायालयाचा अंगभूत अधिकार कायम असल्याचे स्पष्ट केले. पुढे २०११ च्या वेलुसामी निकालात त्याची दुसरी बाजू आली : पुराव्यातली भोके बुजवण्यासाठी हा अधिकार वापरू नये, खोडसाळ अर्ज जबर खर्चासह फेटाळावा, आणि परवानगी देऊन घेतलेला पुरावा अस्सल नाही असे शेवटी आढळले तर जरब बसेल एवढा खर्च लावता येतो, बनावट असेल तर फौजदारी कारवाईचाही आदेश देता येतो. हे वाचल्यावर पाचशे रुपयांचा आकडा मलाही लाजिरवाणा वाटतो. सिन्नरहून नाशिकला येण्याजाण्यात आणि झेरॉक्समध्येच तेवढे जातात.

आपल्या दाव्यातला कागद माझ्या पक्षकाराच्या नकलेसारखा नाही, हेही उघड आहे. ती नक्कल सरकारी दप्तरातली होती; वाटणीपत्र अकरा वर्षे चुलत्यांच्याच घरात होते. ते कधी सापडले, आधी का सापडले नाही, याचा खुलासा त्यांच्या अर्जात आहे का, आणि त्यावर आपल्या वकिलांनी लेखी म्हणणे काय दिले, हे प्रतिक्रियेतून कळत नाही. त्याहून महत्त्वाचे म्हणजे कैफियतीत आधीच्या वाटणीचा शब्द आहे का? नसेल, तर कैफियतीत न घेतलेल्या मुद्द्यावरचा पुरावा विचारात घेता येत नाही, आणि मग कागद कितीही जुना असला तरी चुलत्यांचे काम अवघड होते.

कागद दाखल होणे आणि शाबीत होणे यांतही मोठे अंतर आहे. त्या कागदानेच वाटणी झाली असेल तर नोंदणी हवी. आधी झालेल्या वाटणीची केवळ याद असेल तर नोंदणी लागत नाही, म्हणून ती नुसती याद आहे असेच चुलते बहुधा म्हणतील. कागद मोडी लिपीत असेल तर लिप्यंतर करणाऱ्याचीही साक्ष घ्यावी लागेल.

आता उलटतपासाची संधी आपल्याकडे आहे; ती खर्चाच्या रागात वाया घालवू नये. मुद्रांक अपुरा असल्याची हरकत कागदावर निशाणी (पुराव्याचा क्रमांक) पडण्यापूर्वीच घ्यावी लागते, कारण एकदा तो पुराव्यात स्वीकारला गेला की तेवढ्या कारणावर पुढे बोलता येत नाही. त्यामुळे पुढची तारीख चुलत्यांच्या सरतपासाची (त्यांच्याच वकिलांनी घ्यायच्या साक्षीची) असेल, तर हरकतीचा अर्ज आदल्या दिवशीच टाइप करून ठेवायला आपल्या वकिलांना सांगावे.