डोळे, डोळे आणि डोळे

दर १३ डिसेंबरला, स्मिता पाटीलच्या स्मृतिदिनी, माझ्या फीडवर तिचा तोच फोटो येतो. ब्लॅक अँड व्हाइट, कपाळावर मोठं कुंकू, खाली ‘हे डोळे किती बोलायचे!’ आणि शंभरेक बदाम. मग कुणीतरी तिच्या लग्नाचा विषय काढतं आणि पुढच्या चाळीस कॉमेंटांत स्मिता पाटील बाजूलाच राहते. यंदा आधीच लिहून टाकते. त्या दिवशी भांडत बसायला मला वेळ नसतो.

माझा राग त्या ‘डोळे’ शब्दावर आहे. डोळे देवाने दिले म्हटलं की बाईची मेहनत हिशोबात धरायलाच नको.

गेल्या रविवारी आईला कर्नाळ्याला नेलं. नेरूळहून निघालो, पनवेल मागे पडलं आणि गोवा हायवेवरून तो अंगठ्यासारखा सुळका दिसायला लागला. आईच्या गुडघ्यांमुळे गड चढणं शक्यच नव्हतं, खालीच झाडीत बसलो. त्या सुळक्याला आग्या मोहोळं असतात. गोनीदांची (गो. नी. दांडेकरांची) ‘जैत रे जैत’ ही कादंबरी इथल्याच ठाकर आदिवासींची, राणीमाशीचा सूड घ्यायला निघालेल्या नाग्याची. जब्बार पटेलांचा सिनेमा १९७७चा, म्हणजे स्मिता तेव्हा एकवीस-बावीसची. मंत्र्याची मुलगी, पुण्यात वाढलेली. आणि तिने उभी केलेली चिंधी बघा, नवरा टाकून आलेली, नाग्यावर जीव लावणारी. तिचं नुसतं चालणं बघा. रोज डोंगर चढणाऱ्या बाईचं चालणं आहे ते, पाऊल आधी पडतं आणि मग बाकीची बाई येते. हे कुठल्या डोळ्यांनी केलं?

त्याच वर्षी ‘भूमिका’. हंसा वाडकरांच्या आत्मकथनावरचा. कोवळ्या मुलीपासून संसार, पुरुष, सिनेमा सगळ्याला विटलेल्या बाईपर्यंतचा प्रवास, आणि करणारी स्वतः अजून बावीसचीच. राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. दुसरा मिळाला ‘चक्र’साठी, झोपडपट्टीतल्या अम्मासाठी. पण त्या सिनेमाच्या जाहिरातीत काय पुढे केलं? उघड्यावर आंघोळ करण्याचा प्रसंग. तेव्हा पोस्टरवाल्यांनी तिचं अंग विकलं, आता आपण डोळे विकतो. फार सुधारलो असं वाटत नाही मला.

‘मंथन’च्या शूटिंगचा एक किस्सा सांगतात. बघायला आलेले गावकरी विचारत होते, हिरोइन कुठंय? ती तिथेच गावच्या बायकांमध्ये बसलेली. मला हा किस्सा दोन्ही पुरस्कारांपेक्षा मोठा वाटतो.

आईची स्मिता मात्र बातम्या वाचणारी. दूरदर्शनवर, काठाची साडी, सरळ आवाज. जीन्सवरच साडी गुंडाळून ती कॅमेऱ्यासमोर बसायची हे आईला खूप नंतर कळलं, आणि ती अजून त्यावर हसते. १९८२ साली ‘उंबरठा’ आला (त्याच वर्षी ‘अर्थ’, ‘बाजार’ आणि ‘नमक हलाल’सुद्धा, काय वर्ष असेल!) तेव्हा आईचं लग्न व्हायचं होतं. ठाण्यात मैत्रिणींबरोबर पाहिला. सुलभा महाजन लेकीला घरी ठेवून महिलाश्रमातल्या नोकरीसाठी परगावी जाते. थेटरातून बाहेर आल्यावर निम्म्या मैत्रिणी म्हणाल्या, ‘काय बाई ही!’ आई गप्प राहिली. तिला सुलभा पटली होती. पुढे सासरी हे बोलायची सोयच नव्हती.

माझा जन्म जानेवारी १९८७चा. म्हणजे १३ डिसेंबरला आईला आठवा सरून नववा लागत होता. स्मिताला २८ नोव्हेंबरला मुलगा झाला आणि बाळंतपणानंतरच्या गुंतागुंतीत पंधरवड्यात ती गेली. वय ३१. रविवारचा पेपर आजीने गादीखाली सरकवला, रेडिओ बंद ठेवला, शेजारणींनाही दटावलं. आईला कळलं ते दुधाच्या केंद्रावर, रांगेत. घरी येऊन तिने आजीला काहीच सांगितलं नाही, आजीनेही विचारलं नाही. दोघी एकमेकींपासून तीच बातमी लपवत होत्या.

बिल्डिंगीत तेव्हा म्हणे एकच बोललं जायचं: दृष्ट लागली. अजूनही पोस्टींखाली तेच लिहितात, फक्त ‘नियती’ हा जड शब्द वापरून. अहो, बाळंतपणात बायका जातात त्याला वैद्यकीय कारणं असतात. ती शोकांतिका म्हणून जन्माला आली नव्हती. जेमतेम अकरा-बारा वर्षं मिळाली आणि त्यात तिने बेनेगल, जब्बार पटेल, केतन मेहता आणि बच्चनबरोबरचा पावसातला नाचही करून ठेवला. ‘मिर्च मसाला’ तर ती गेल्यावर लागला. त्यात मसाल्याच्या कारखान्याच्या दारामागे उभी असलेली सोनबाई बघून कुणी ‘बिचारी’ म्हणून दाखवावं.

कर्नाळ्याहून आल्यावर रात्री टीव्हीवर यूट्यूब लावून ‘जैत रे जैत’ बघितला. महानोरांची गाणी आईला सगळी पाठ, ती पंख्याकडे बघत गुणगुणत होती. शेवटी मोहोळ उठतं आणि चिंधी जाते, त्याच्या जरा आधी आई उठली आणि स्वयंपाकघरात गेली.

‘पॉज करू?’

‘नको, तू बघ. माझी गोळीची वेळ झालीये.’

गोळी तिने जेवणानंतरच घेतली होती.